‘डिफरंट ट्रेन्स’: भुसावळच्या कानांनी ऐकलेली एक तबकडी

भुसावळच्या रेल्वे क्वार्टरमध्ये लहानाचे मोठे झालेल्या माणसाला गाडीचा आवाज वेगळा असा ऐकूच येत नाही. आमच्याकडे मुक्कामाला आलेले पाहुणे पहिल्या रात्री हमखास दचकून उठत आणि आम्ही भावंडे मात्र यार्डातल्या शंटिंगच्या धडधडाटात गाढ झोपलेली असू. आमची झोप मोडायची ती एखादी नेहमीची गाडी वेळेवर न आल्यामुळे पडलेल्या शांततेने. वडील गार्ड होते. रात्री-अपरात्री कॉलमन, म्हणजे ड्यूटीचे बोलावणे घेऊन येणारा रेल्वेचा माणूस, येऊन दाराची कडी वाजवायचा, वडील झोपेतच त्याच्या वहीत सही करायचे आणि तासा-दीड तासात त्यांची लाइन बॉक्स, म्हणजे गार्डच्या सामानाची पेटी, स्टेशनकडे निघायची. हे सांगण्याचे कारण एवढेच की, अमेरिकन रचनाकार स्टीव्ह राइश यांच्या ‘डिफरंट ट्रेन्स’ या रचनेची तबकडी मी ज्या कानांनी ऐकली ते कान रेल्वेवाल्याच्या मुलीचे आहेत, संगीतसमीक्षकाचे नाहीत. पुढचा अभिप्राय वाचकांनी तेवढे धरून वाचावा.

रचना १९८८ सालची आहे. ती क्रोनोस क्वार्टेट या अमेरिकन वादकचमूसाठी लिहिली गेली आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात लंडनमध्ये तिचा पहिला प्रयोग झाला. दोन व्हायोलिन, त्यांहून खोल आवाजाचा एक व्हायोला आणि त्याहूनही खोल आवाजाचा एक चेलो अशी चार तंतुवाद्ये, म्हणजे पाश्चात्त्य संगीतातली दोन-अडीचशे वर्षांची प्रतिष्ठित मांडणी, राइश यांनी इथे जशीच्या तशी घेतली. मात्र तिच्या जोडीला ध्वनिफीत ठेवली. त्या फितीवर याच चौघांचे आधी वाजवून ठेवलेले आणखी तीन थर आहेत, जुन्या आगगाड्यांच्या शिट्ट्या आणि चाकांचे आवाज आहेत, आणि माणसांचे बोलणे आहे. माझ्याकडे आहे ते क्रोनोसनेच केलेले, नॉनसच कंपनीने १९८९ मध्ये काढलेले ध्वनिमुद्रण. त्यातून रचनेला समकालीन रचनेचे ग्रॅमी पारितोषिक मिळाले. तीन भाग मिळून सत्तावीस मिनिटे होतात, म्हणजे भुसावळहून जळगावला लागतो त्याहून फारसा जास्त वेळ नाही.

नावामागची हकिकत ठाऊक असल्याशिवाय ही सत्तावीस मिनिटे ऐकण्यात अर्थ नाही. राइश यांचा जन्म १९३६ चा, न्यूयॉर्कचा. ते अगदी लहान असताना आई-वडील विभक्त झाले; वडील न्यूयॉर्कला राहिले, आई लॉस एंजेलिसला गेली, आणि मुलाचा ताबा दोघांत वाटला गेला. त्यामुळे १९३९ ते १९४२ या काळात हा मुलगा सांभाळणाऱ्या बाईंबरोबर आगगाडीने अमेरिकेच्या एका किनाऱ्यावरून दुसऱ्या किनाऱ्याला चार-चार दिवसांचा प्रवास करीत राहिला. मोठेपणी मागे वळून पाहताना त्यांच्या लक्षात आले की, आपण ज्यू आहोत, आणि त्याच वर्षांत आपण युरोपात असतो तर आपल्याला अगदी वेगळ्या गाड्यांत बसावे लागले असते. ‘वेगळ्या गाड्या’ हे नाव तिथून आले आहे. बोलणारी माणसेही त्या दोन्ही गाड्यांतली आहेत. एकीकडे सत्तरी ओलांडलेल्या व्हर्जिनिया, म्हणजे त्याच सांभाळणाऱ्या बाई, आणि लॉरेन्स डेव्हिस नावाचे ऐंशी पार केलेले निवृत्त पुलमन पोर्टर, म्हणजे शयनयानात प्रवाशांची व्यवस्था पाहणारे कर्मचारी. दुसरीकडे नाझी छळछावण्यांतून वाचून अमेरिकेत आलेली रेचेला, पॉल आणि रेचल ही तीन माणसे. या तिघांच्या मुलाखती राइश यांनी अभिलेखागारांतून मिळवल्या.

आता या बोलण्याचे काय केले ते पाहू, कारण रचनेचे सगळे मर्म तिथे आहे. प्रत्येकाचे बोलणे लांबलचक होते. राइश यांनी त्यातून ज्यांत सूर स्पष्ट आहे असे तीन-चार शब्दांचे तुकडे निवडले आणि त्या तुकड्यांची चढउतार स्वरलिपीत उतरवून घेतली. बाईचे बोलणे व्हायोला वाजवतो आणि पुरुषाचे चेलो. आपल्याकडे सारंगीवाला गवयाच्या मागून जातो, गळ्यातून निघालेली जागा क्षणभराने तारेवर दाखवतो. इथे उलटे घडते: वाद्य आधी ती चाल वाजवते, एकदा, दोनदा, आणि मग ज्या वाक्याची ती चाल आहे ते वाक्य कानावर पडते. वाक्य कळण्यापूर्वी त्याचा सूर आपल्याला पाठ झालेला असतो. पहिल्यांदा ऐकताना मला हा नुसता चमत्कृतीचा खेळ वाटला. तिसऱ्या वेळेस मात्र मी स्वतःच आजूबाजूच्या बोलण्यात सूर शोधू लागले. आमच्या कॉलमनची हाक आठवली: ‘गार्डसाब’ मधला ‘साब’ तो भरपूर वर नेऊन तिथेच धरून ठेवायचा. अमळनेरची माझी मावशी अहिराणीत ‘कथा जाई राहिना?’ (कुठे चाललास?) विचारायची तेव्हा ‘कथा’ उंच लागायचा आणि बाकीचे वाक्य पायऱ्या उतरल्यासारखे खाली यायचे. हेच वाक्य यावल-रावेरकडच्या लेवा बोलीत वेगळ्या शब्दांत आणि वेगळ्या उतारावर येते. खानदेशी माणसाचे गाव त्याने तोंड उघडल्याबरोबर आम्ही ओळखतो ते शब्दांच्याही आधी याच उतारावरून, हे मला इतक्या वर्षांत कुणी सांगितले नव्हते. ते एका अमेरिकन तबकडीमुळे उमगले.

पहिला भाग, ‘युद्धापूर्वीची अमेरिका’, नऊ मिनिटांचा आहे आणि तो ऐकायला सोपा, बहुतांशी प्रसन्न आहे. वाद्ये अखंड जलद ठोक्यांत चाललेली, त्यावर लांब, स्थिर शिट्ट्या. या शिट्ट्यांत एकाच वेळी दोन-तीन स्वर लागतात आणि ते एकमेकांशी इतके जुळलेले असतात की, तानपुऱ्याच्या जोडाची आठवण व्हावी. शहरांची नावे, सर्वांत वेगवान गाड्यांचा अभिमान, सालांचा उच्चार, एवढेच बोलण्यात आहे. माझे लक्ष मात्र चाकांकडे गेले. जुन्या रुळांना सांधे असत, दोन रूळ फिशप्लेटने जोडलेले असत, आणि प्रत्येक सांध्यावर चाक ठोका देत असे. आता रूळ लांबच्या लांब वेल्ड केलेले असल्यामुळे तो ठोका जवळजवळ गेलाच. लहानपणी वडिलांनी शिकवलेले गणित असे: रूळ १३ मीटरचा, म्हणून ४७ सेकंदांत जितके ठोके मोजाल तितका गाडीचा ताशी किलोमीटरमधला वेग. भुसावळ ते मनमाड खिडकीशी बसून आम्ही हेच करायचो. राइश यांच्या तंतुवाद्यांतले ठोके मी सवयीने मोजू लागले आणि माझी फजिती झाली, कारण प्रत्येक नव्या वाक्याबरोबर लय बदलते, आधारस्वरही बदलतो. कसलीही पूर्वसूचना न देता, गाडीने सांधा बदलावा तशी सगळी रचना एका धक्क्यासरशी शेजारच्या रुळावर जाते. बोलणारा माणूस ज्या वेगाने बोलला तो वेग वाद्यांनी मुकाट पाळायचा, असा इथला नियम आहे. राइश यांच्या आधीच्या रचना एकाच लयीत तासभर चालणाऱ्या म्हणून प्रसिद्ध होत्या. ही शिस्त त्यांनी माणसांच्या बोलण्यापुढे मोडली, हे मला या रचनेतले सर्वांत मोठे सौजन्य वाटते.

दुसरा भाग साडेसात मिनिटांचा आहे आणि तबकडी विकत घ्यायची ती या भागासाठी. पहिल्या भागातल्या प्रसन्न शिट्ट्या जाऊन इथे आखूड, उंच, किंचाळणाऱ्या शिट्ट्या येतात आणि पाठोपाठ हवाई हल्ल्याचे भोंगे. आधी एक साल, मग एक वाढदिवस. त्या वाढदिवशी जर्मन सैन्य हॉलंडमध्ये शिरले. हंगेरीतला एक मुलगा दुसरीत आहे. केस चापूनचोपून बसवलेले उंच मास्तर वर्गात काळ्या कावळ्यांची गोष्ट सांगतात आणि सरळ त्याच्याकडे बोट दाखवतात. शाळा बंद. मग पळ, श्वास घेऊ नकोस, अशा दोन-दोन शब्दांच्या आज्ञा. मग गुरांच्या वाघिणी, म्हणजे गुरे वाहून नेणारे मालडबे, चार दिवस आणि चार रात्री, अनोळखी पोलिश नावांची स्टेशने. शेवटी आकाशाकडे जाणाऱ्या ज्वाळा आणि धूर. कुठेही कुणी रडत नाही. ही माणसे वृद्धपणी, शांतपणे, जवळजवळ हिशेब सांगावा तशा आवाजात बोलली आहेत आणि वाद्ये त्या आवाजाला एक स्वरही वाढवून लावत नाहीत. याच प्रसंगांवर दुःखी राग आळवणारी पार्श्वसंगीते आपण पुष्कळ ऐकली आहेत. त्यांच्यापेक्षा हा संयम मनाला कितीतरी जास्त लागतो.

‘वाघीण’ किंवा ‘वॅगन’ म्हटले की, आमच्या भागात डोळ्यांसमोर केळी येतात. रावेर, सावदा या स्टेशनांवरून दिल्लीकडे केळीच्या वॅगन भरून जाताना मी लहानपणापासून पाहिल्या आहेत. वॅगनमध्ये हवा खेळती राहिली पाहिजे, नाहीतर माल वाटेत पिकून खराब होतो, याची चिंता करणारे शेतकरीही पाहिले आहेत. दुसरा भाग ऐकताना मला हेच आठवत राहिले, आणि ते आठवणे सुखाचे नव्हते. मालाच्या हवेची काळजी करणारी रेल्वे मला माहीत होती. जर्मन रेल्वेने या ज्यू माणसांच्या वाहतुकीचे रीतसर भाडे लावले होते, तिसऱ्या वर्गाचे, एका बाजूचे; दहा वर्षांखालील मुलांना निम्मे, चार वर्षांखालच्यांना माफ, आणि चारशेच्या वर माणसे असतील तर गटाची सवलत. हंगेरीत जर्मन सैन्य मार्च १९४४ मध्ये आले आणि मेच्या मध्यापासून जुलैच्या सुरुवातीपर्यंत, जेमतेम आठ आठवड्यांत, सुमारे ४,४०,००० ज्यूंना १४७ गाड्यांतून पाठवले गेले, त्यांतले बहुतेक आउशवित्झच्या मृत्युछावणीला. रेल्वेच्या घरात वाढलेल्या माणसाला या आकड्यांत एक वेगळीच गोष्ट दिसते: एवढ्या गाड्या चालवायला वेळापत्रक लागते, गार्ड लागतो, ड्रायव्हर लागतो, सांधेवाला लागतो, आणि कुठल्यातरी क्वार्टरची कडी रात्री दोनला कुणीतरी वाजवावी लागते. राइश यांच्या रचनेत हे कुणीही बोलून दाखवत नाही. पण पहिल्या भागात आनंदाने धावणारे ठोके आणि दुसऱ्या भागातले ठोके एकाच जातीचे आहेत, तीच चार वाद्ये, तेच अखंड चालणे, आणि त्यामुळे बोललेले नसूनही ते ऐकू येते. शिट्टी बदलते. चाक बदलत नाही.

तिसरा भाग, ‘युद्धानंतर’, केवळ वाद्यांनी सुरू होतो. एक वाद्य चाल उचलते, तीच दुसरे मागून घेते, आणि बराच वेळ कुणाचे बोलणे येत नाही. दुसऱ्या भागानंतर ही उसंत आवश्यक होती. मग युद्ध संपल्याची वार्ता येते आणि तिच्यामागून ‘नक्की ना?’ असा प्रश्न. सबंध रचनेत मला सर्वांत जास्त चटका लावणारे तेवढेच दोन-तीन शब्द आहेत. वाचलेली माणसे अमेरिकेला येतात, आणि पहिल्या भागातली न्यूयॉर्क, लॉस एंजेलिस ही नावे पुन्हा ऐकू येतात, पण आता ती कुणाच्या तोंडी आहेत हे आपल्याला ठाऊक असल्यामुळे तीच नावे पूर्वीसारखी लागत नाहीत. म्हातारे पोर्टर सांगतात की, त्या वेगवान गाड्या आता उरल्या नाहीत. (आमची पाचोरा–जामनेर ही अरुंद मापाची गाडी २०२० मध्ये बंद पडली, तिची शिट्टी कुणी नीट ध्वनिमुद्रित करून ठेवली असेल तर बरे होईल. फाळणीनंतर गाड्यांतून आलेली किती माणसे जळगावच्या सिंधी कॉलनीत म्हातारी झाली, त्यांचे बोलणेही.)

या भागाचा शेवट मराठी श्रोत्याला विशेष बोचेल. छावणीतल्या एका मुलीची आठवण आहे. तिचा गळा सुरेख होता, जर्मनांना तिचे गाणे ऐकायला आवडायचे, आणि ती थांबली की ते आणखी गा म्हणायचे आणि टाळ्या वाजवायचे. रचना या टाळ्यांच्या उल्लेखावर संपते. ज्या मुलुखात दर जानेवारीला बालगंधर्वांच्या नावाचा संगीत महोत्सव भरतो, जिथे ‘वन्स मोअर’ ही नाट्यसंगीताला मिळणारी सर्वांत मोठी पावती समजली जाते, तिथल्या श्रोत्याने या वाक्यावर काय करावे? चांगले गाणे ऐकणारा माणूस चांगलाच असतो, ही आपली जुनी, प्रेमळ समजूत. राइश तिच्यावर भाष्य करीत नाहीत. त्या वृद्ध बाईंचा आवाज तेवढा ऐकवतात आणि व्हायोला तीच चाल घोळवत राहतो.

आता उणिवा. पहिली उणीव ध्वनीची आहे: मुलाखतींचे मूळ ध्वनिमुद्रण जुने असून वाद्यांचे थर दाट आहेत, त्यामुळे निम्मी वाक्ये पहिल्या ऐकण्यात कळत नाहीत. इंग्रजीची सवय असलेल्यालाही युरोपीय वळणाचे ते उच्चार अवघड जातील. तबकडीसोबतच्या पुस्तिकेत सगळी वाक्ये छापलेली आहेत. ती आधी वाचून घ्यावीत, मग ऐकावे. दुसरी उणीव माझ्या एका स्नेह्यांनी दाखवली. ते किराणा घराण्याच्या गायकीचे जुने श्रोते आहेत, आणि त्यांचे म्हणणे असे की, एकच तुकडा आठ-दहा वेळा घोळवण्यात बढत कुठे आहे? तक्रार खोटी नाही. इथे स्वरविस्तार नाहीच. तुकडा जसा आहे तसाच फिरत राहतो आणि बदल होतो तो भोवतालच्या वाद्यांत. ज्याला रागाच्या अंगाने ऐकायचे आहे त्याची निराशा होईल, विशेषतः पहिल्या भागाच्या मध्यावर, जिथे मलाही तीन-चार मिनिटे लांबल्यासारखी वाटली.

तिसरी गोष्ट उणीव म्हणावी की नाही, हे अजून माझे मला ठरलेले नाही. ज्या माणसाने चार दिवस आणि चार रात्री वाघिणीत काढल्या त्याच्या साक्षीतून दोन सेकंद उचलायचे, आणि ते दोन सेकंद निवडायचे ते त्यांत सूर चांगला लागला म्हणून, याला काय म्हणायचे? त्याच साक्षीतली किती वाक्ये याहून महत्त्वाची असतील, पण सपाट आवाजात बोलली गेल्यामुळे राहून गेली असतील. राइश यांना माणसाच्या आवाजाचे हे वेड जुने आहे. १९६५ मध्ये त्यांनी सॅन फ्रान्सिस्कोच्या चौकातल्या एका धर्मोपदेशकाचा आवाज फितीवर घेऊन तोच तुकडा फिरवत ठेवणारी रचना केली होती, आणि तिथे शब्दांचे शेवटी नुसते ध्वनी उरतात. ‘डिफरंट ट्रेन्स’मध्ये तसे झाले नाही, शब्द शेवटपर्यंत शब्दच राहिले, ही जमेची बाजू. तरी हा प्रश्न दर वेळी माझ्या मनात येतो, आणि तो यावा अशीच ही रचना आहे.

घ्यायची कशी, याबद्दल थोडे. जळगाव-भुसावळच्या दुकानांत ही मिळण्याची शक्यता नाही. मी सीडी बाहेरून मागवली. मोबाइलवरच्या संगीतसेवांवर ती ऐकता येते, पण पैसे न भरता ऐकाल तर पहिल्या आणि दुसऱ्या भागाच्या मध्ये जाहिरात येण्याचा धोका आहे. माझ्या बाबतीत तिथे साबणाची जाहिरात आली आणि त्या दिवशी मी ऐकणे बंद केले. फोनच्या स्पीकरवर ऐकू नये, चेलो पार नाहीसा होतो आणि चेलो गेला म्हणजे पुरुषांची सगळी वाक्ये अर्धी झाली. साधे का होईना, कानावर बसणारे हेडफोन घ्यावेत. शक्यतो रात्री, घरातले झोपल्यावर.

याच तबकडीवर पुढे राइश यांचीच ‘इलेक्ट्रिक काउंटरपॉइंट’ ही १९८७ ची, गिटारवादक पॅट मेथेनी यांच्यासाठी लिहिलेली पंधरा मिनिटांची रचना आहे. मेथेनी यांनी स्वतःच्याच गिटारचे अनेक थर आधी वाजवून ठेवले आणि त्यांवर पुन्हा स्वतः वाजवले. वाद्य लख्ख, लय खेळती, सकाळच्या चहाबरोबर ऐकावी अशी. तिच्याविषयी तक्रार करायला जागा नाही, ती फक्त चुकीच्या शेजारी राहायला आली आहे. एलपीवर दोन्ही रचना दोन बाजूंना असल्यामुळे उठून तबकडी उलटावी लागते आणि मध्ये आपोआप शांतता मिळते. सीडीवर ती सोय नाही. तिसऱ्या ट्रॅकवर व्हायोलाचा शेवटचा स्वर विरतो आणि काही सेकंदांतच चौथ्या ट्रॅकची गिटार वाजू लागते, तेव्हा रिमोट हाताशी ठेवावा.